स्तुतिगीत आधी, साथ नंतर: माझ्या कादंबरीतल्या एका प्रकरणाचा अभ्यास

माझ्या कादंबरीतलं अकरावं प्रकरण मी चार वेळा लिहिलं. ते चार वेळा का लिहावं लागलं ते इथे नीट मांडून ठेवतेय, कारण युद्धकाळातल्या कुटुंबांवर लिहिणाऱ्या आणि त्यात स्तुतिगीतं आणू पाहणाऱ्या प्रत्येकाला हा प्रश्न कधी ना कधी भेटतोच असं मला वाटतं.

कादंबरी जर्मनीतल्या तीस वर्षांच्या युद्धातली, म्हणजे १६१८ ते १६४८. गाव आयलेनबुर्ग, सॅक्सनीतलं, मुल्डे नदीकाठचं, लाइपझिगपासून फार लांब नाही. गावाला तटबंदी होती, त्यामुळे आजूबाजूच्या खेड्यांतली माणसं जीव वाचवायला आत यायची, आणि आत माणसं दाटली की रोगही दाटायचा. या गावाचा पाळक, म्हणजे चर्चचा धर्मगुरू, मार्टिन रिंकार्ट. जन्म इथलाच, १५८६चा, बाप पिंपं बनवणारा कारागीर. शिक्षण लाइपझिगच्या थॉमस शाळेत, तिथे तो गायकवृंदात होता, आणि १६१७ साली आर्चडीकन, म्हणजे दुय्यम पाळक, म्हणून परत आपल्याच गावात आला. पुढच्याच वर्षी युद्ध सुरू झालं आणि त्याच्या सेवेची जवळजवळ सगळी वर्षं त्या युद्धातच गेली. १६४९च्या डिसेंबरमध्ये तो वारला, म्हणजे शांतता झाल्यावर जेमतेम एक वर्ष मिळालं त्याला.

जर्मन भाषेतलं सगळ्यात जास्त गायलं जाणारं जे उपकारस्तुतीचं गीत आहे ना, 'नुन डांकेट आल्ले गॉट', म्हणजे 'आता सगळे देवाचे आभार माना', ते याच माणसाचं.

आता माझं पहिलं अकरावं प्रकरण सांगते. १६३७ सालचा मे महिना, गावात साथ, रिंकार्टची बायको ८ मे रोजी वारली (ही तारीख खरी आहे), तो तिला पुरून घरी येतो, मुलं झोपलीयत, एक मेणबत्ती, रिकामी खुर्ची, आणि तो कागद पुढे ओढून थरथरत्या हाताने लिहितो, आता सगळे देवाचे आभार माना. दुसऱ्या दिवशी चर्चमध्ये ऑर्गन वाजतो आणि सगळी मंडळी रडत रडत ते गाते, त्यात माझं काल्पनिक कुटुंबही असतं. मला हे लिहिताना स्वतःला रडू आलं होतं, आणि ज्यांना ज्यांना वाचायला दिलं त्यांनी हेच प्रकरण सगळ्यात चांगलं म्हणून सांगितलं.

मग मी ते एका ओळखीच्या ताईंना दिलं. चाळीस वर्षं चर्चच्या मंडळीत गातायत, आल्टो म्हणजे बायकांचा खालचा स्वर, आणि कोरालची, म्हणजे जर्मन चर्चगीतांची, पुस्तकं त्यांच्याकडे रचून ठेवलेली. त्यांनी प्रकरण वाचून एवढंच विचारलं, "अगं, पण ही तर जेवणाची प्रार्थना आहे ना? ती तो स्मशानातून येऊन कशाला लिहील?"

मला उत्तर देता आलं नाही. कारण ते बरोबरच होतं. रिंकार्टच्या भक्तिगीतांचं पुस्तक 'येसू हेर्त्स ब्यूखलाइन', म्हणजे येशूच्या हृदयाची छोटी पुस्तिका, पहिल्यांदा आलं ते १६३६ साली, आणि हे गीत त्याच पुस्तकातलं. १६६३च्या आवृत्तीत त्यावर शीर्षकच आहे 'टिशगेबेटलाइन', छोटीशी टेबलावरची प्रार्थना. म्हणजे साथीच्या आदल्या वर्षीच हे शब्द होते. बायको जिवंत होती. मुलांसोबत जेवायला बसताना म्हणायला लिहिलेली ती गोष्ट, आणि मी तिला उचलून कबरीशेजारी ठेवली होती, कारण कबरीशेजारी ती जास्त शोभून दिसत होती.

हे एकटं माझंच नाही. या गीताच्या भोवती दोन कथा फिरतात, एक ही साथीची आणि दुसरी अशी की १६४८चा तह झाल्याच्या आनंदात ते लिहिलं गेलं. दोन्ही कथांना वाटतं की एवढं मोठं गीत एखाद्या मोठ्या क्षणातूनच यायला हवं. आणि आम्हा कादंबरी लिहिणाऱ्यांना तर असा क्षण हवाच असतो, कारण क्षण लिहायला सोपा असतो आणि रोजची सवय लिहायला फार अवघड.

तर प्रश्न असा उभा राहिला. तारीख बाजूला सारून, कादंबरीच आहे म्हणून, आहे ते तसंच ठेवायचं का? मी दोन दिवस हाच विचार करत होते आणि मला तो मोह झाला हे लपवत नाही. कादंबरीकाराला सूट असते हे मी मानते. एखाद्या रस्त्याचं नाव, एखाद्याच्या कोटाचा रंग, अमक्या दिवशी पाऊस होता की नव्हता, हे मी बिनदिक्कत माझ्या सोयीने लिहिते. पण इथे सूट घेतली तर गीताचा अर्थच उलटा होतो. माझ्या पहिल्या प्रकरणात रिंकार्ट एक असामान्य माणूस होता जो दुःखातून स्तुती निर्माण करतो. खरी गोष्ट अशी की स्तुती आधीपासून घरात होती, रोजच्या पावासारखी, आणि मग ते वर्ष आलं, आणि आता प्रश्न हा होता की तेच शब्द उद्या जेवताना म्हणायचे की नाही. हा प्रश्न फक्त कवीचा नाही, तो त्या गावातल्या प्रत्येक टेबलाचा आहे. मला युद्धातल्या कुटुंबावर लिहायचं होतं आणि मी मात्र युद्धातल्या एका कवीवर लिहून बसले होते.

ते वर्ष कसं होतं ते थोडं सांगायलाच हवं, नाहीतर पुढचं कळणार नाही. १६३५ साली प्रागचा तह झाला आणि सॅक्सनीचा इलेक्टर, म्हणजे तिथला राज्यकर्ता, कॅथलिक सम्राटाच्या बाजूला गेला, म्हणजे कालपर्यंत सोबत असलेले स्वीडिश आता शत्रू. १६३६च्या ऑक्टोबरमध्ये विट्श्टॉकला स्वीडिशांनी सम्राट आणि सॅक्सनी यांच्या फौजेला हरवलं, आणि १६३७च्या सुरुवातीला त्यांचा सेनापती बानेर सॅक्सनीत घुसला, लाइपझिगला वेढा घातला. फौज म्हणजे फक्त सैनिक नव्हे, मागे बायका, मुलं, गुरं, गाड्या, आणि हे सगळं जिथे थांबेल तिथलं धान्य खाऊन पुढे जातं. खेडी रिकामी झाली, तटबंदीची गावं भरली, आणि प्लेग पसरला.

आयलेनबुर्गमध्ये त्या वर्षी आठ हजारांच्या आसपास माणसं मेली असं सांगितलं जातं, आश्रयाला आलेले धरून. वरिष्ठ पाळक गाव सोडून गेला, दोघे सहकारी वारले आणि त्यांनाही रिंकार्टनेच पुरलं. मग तो एकटा उरला. दिवसाला चाळीस पन्नास दफनं, एकूण ४,४८० जणांचा विधी त्याने केला हा आकडा त्याच्याविषयीच्या जवळजवळ प्रत्येक लिखाणात येतो, आणि शेवटी शेवटी तर विधीविनाच चरात मृतदेह ठेवावे लागले. साथीपाठोपाठ दुष्काळ आला, इतका की एका मेलेल्या मांजरासाठी नाहीतर कावळ्यासाठी तीस चाळीस माणसं रस्त्यात भांडताना दिसायची. रिंकार्टच्या दाराशी उपाशी माणसांची गर्दी असायची, असेल ते तो वाटायचा, आणि नंतर स्वतःच्या मुलांच्या पावासाठी आणि कपड्यांसाठी त्याने पुढच्या कित्येक वर्षांचं उत्पन्न गहाण टाकलं.

त्या ४,४८० या आकड्याबद्दल एक सांगते. पहिल्या मसुद्यात तो आकडा मी निवेदनात टाकला होता आणि त्याने प्रकरण एकदम सपाट झालं, कारण ४,४८० माणसं कुणाला दिसतच नाहीत. वर्षभरात वाटून पाहिलं तर दिवसाला बारा येतात, पण साथ अशी वाटून येत नाही, सुरुवातीला आठवड्यातून दोन आणि मग एका दिवसात पन्नास. म्हणून आता आकडा काढलाय आणि घंटा ठेवलीय. आधी प्रत्येक प्रेतामागे घंटा वाजते, मग सकाळ संध्याकाळ दोनदाच, मग वाजवणारा उरत नाही. ही घंटा माझी कल्पना आहे, पण आकड्याने जे दाखवता येत नव्हतं ते तिने दाखवलं.

दुसरा मसुदा. ताईंच्या प्रश्नानंतर मी घाबरून गीतच काढून टाकलं. नुसतं कुटुंब, साथ, भूक. बरोबर होतं सगळं, एकही तारीख चुकीची नव्हती, आणि वाचताना जीव नव्हता. त्या काळातल्या लुथरन, म्हणजे मार्टिन लुथरच्या पंथातल्या, घरातून प्रार्थना काढली की तिथे आजच्या काळातलं एक घर उरतं, फक्त कपडे जुने. लुथरच्या 'छोट्या प्रश्नोत्तरी'त जेवणाआधीची आणि जेवणानंतरची अशा दोन्ही प्रार्थना दिलेल्या आहेत, मुलांनी आणि घरातल्या सगळ्यांनी हात जोडून टेबलाशी यावं असं लिहिलेलं आहे, आणि नंतरच्या प्रार्थनेत स्तोत्रसंहितेतलं ते 'त्याची दया सनातन आहे' येतं. दिवसाची रचनाच या प्रार्थनांवर बांधलेली. ते काढायचं म्हणजे त्या माणसांच्या दिवसातून सकाळ संध्याकाळ काढून घेण्यासारखं.

तिसऱ्या मसुद्यात गीत परत आणलं, आता ते आधीपासूनच सगळ्यांना माहीत आहे असं दाखवलं, आणि आईला पुरताना कुटुंब ते गातं. ताईंना परत दिलं. त्यांनी विचारलं, "कुठल्या चालीवर गातायत?"

परत मी अडकले. कारण आज आपण ज्या चालीवर हे गातो, ती जगभर ओळखली जाणारी भारदस्त चाल, ती संगीतकार योहान क्र्यूगरची, आणि ती शब्दांसोबत छापली गेली १६४७ साली, त्याच्या 'प्राक्सिस पिएटाटिस मेलिका' या संग्रहात. माझं प्रकरण १६३७चं. दहा वर्षं आधी. माझ्या पात्रांच्या कानात ती चाल असूच शकत नव्हती आणि माझ्या कानात दुसरी कुठली चालच नव्हती, मी लिहिताना नकळत क्र्यूगर ऐकत होते, नाहीतर संगीतकार मेंडेलसोनने १८४०च्या 'लोबगेझांग' या रचनेत ते जसं घेतलंय तसं.

इथे मला पहिल्यांदा मोकळं वाटलं, विचित्र वाटेल पण खरंच. कारण चाल गेली की ऑर्गन गेला, मंडळी गेली, रडत गाणं गेलं, आणि उरले नुसते शब्द, जेवल्यावर म्हणायचे. ठरवलं की माझं कुटुंब हे गाणार नाही, म्हणणार. मुलं जशी पाठ केलेलं म्हणतात तसं, थोडं घाईत, शेवटचे शब्द गिळत.

मग पुढचा प्रश्न, ही प्रार्थना त्यांच्याकडे आली कशी? पुस्तक आदल्या वर्षीचं, पिंपं बनवणाऱ्याच्या घरात ते असेलच असं नाही. (कुटुंबाचा धंदा मी हाच ठेवला कारण रिंकार्टचा बाप तेच करायचा, त्यामुळे पाळक आणि हे घर यांच्यात एक जुनी ओळख आपोआप येते.) तर थोरल्या मुलीला, तेरा वर्षांची आहे ती, मी पाळकाच्या घरी कामाला ठेवलं. ती तिथे रोज जेवणानंतर हे ऐकते आणि घरी घेऊन येते. आईला आवडतं. आई ते रोजचं करते. साथीच्या आधीच्या दोन प्रकरणांत मी ते असंच सहज ठेवलं, एकदा धाकटा मध्येच हसतो, एकदा आजीला पूर्ण आठवत नाही, कुणाचं लक्ष जाऊ नये इतकं साधं. चौथ्या मसुद्याचं खरं काम अकराव्या प्रकरणात नव्हतंच, ते सातव्या आणि नवव्यात होतं.

आता शब्दांकडे येते, कारण सगळ्यात जास्त वेळ मी तिथे घालवला आणि माझ्या मते सगळं तिथेच आहे.

पहिलं कडवं म्हणतं, मनाने, मुखाने आणि हातांनी देवाचे आभार माना, जो आपल्यासाठी आणि सगळीकडे मोठी कृत्यं करतो, ज्याने आईच्या पोटात असल्यापासून आणि लहानपणच्या पहिल्या पावलांपासून आपलं अगणित भलं केलं आणि आजही करतो. याचा आधार सिराखचं पुस्तक या जुन्या यहुदी ग्रंथाच्या पन्नासाव्या अध्यायातला आशीर्वाद आहे, तिथेही आईचं उदर आहे, आनंदी मन आहे आणि आमच्या दिवसांत शांती असू दे अशी मागणी आहे. कॅथरिन विंकवर्थने एकोणिसाव्या शतकात इंग्रजी केलं ते जगभर गेलं, त्यात तिने उदराच्या जागी आईचे हात घेतले. गायला ते छान आहे. पण मूळ जर्मनमध्ये शरीर आहे, 'मुटरलाइब', आईचं शरीर, आणि त्यापाठोपाठ मुलाचे पाय. हात, तोंड, पोट, पाय. सगळं गीत शरीराने भरलेलं आहे आणि ते साथीत शरीरं मोजणाऱ्या गावातलं आहे. आता विचार करा की ज्या घरात आई महिन्यापूर्वी गेलीय तिथे सहा वर्षांचा मुलगा पाठ केलेली ओळ म्हणतोय आणि ती ओळ येते, आईच्या पोटात असल्यापासून. त्याला थांबवायचं का? कुणी थांबवेल का? मला वेगळा क्षण रचायची गरजच नव्हती, रिंकार्टने तो साथीच्या आधीच, काही माहीत नसताना, त्या ओळीत ठेवून दिला होता. आणि त्याच्या स्वतःच्या मुलांनाही ८ मे नंतर तीच ओळ म्हणावी लागली असणार, जर म्हणत राहिले असतील तर. मी त्याच्या घरातलं दृश्य मुद्दाम लिहिलं नाही, थोरली फक्त एवढं पाहते की पाळकसाहेबांच्या टेबलावर आता प्रार्थना लवकर संपते.

दुसरं कडवं मागणीचं आहे. 'सदा श्रीमंत' देवाने आम्हाला आयुष्यभर आनंदी मन आणि उत्तम शांती द्यावी, कृपेत ठेवावं, आणि सगळ्या संकटातून सोडवावं, इथेही आणि तिथेही. हे 'सदा श्रीमंत' मला आधी खटकायचं, दुष्काळात कसलं श्रीमंत. मग लक्षात आलं की ज्याच्या घरात पीठ संपलंय त्याने देवाला श्रीमंत म्हणणं हे कौतुक नाही, ती आठवण करून देणं आहे, तुझ्याकडे आहे ना, मग. आणि शांती हा शब्द १६३६ साली कुणी लिहितो तेव्हा तो फक्त मनाच्या शांतीचा असूच शकत नाही, अठरा वर्षं युद्ध चाललेलं. आज हे कडवं गाताना आपण बहुतेक मनाचीच शांती समजतो, मला तरी तसंच शिकवलं गेलं होतं.

आणि पहिली ओळ. 'डांकेट' हे आज्ञार्थी अनेकवचन आहे, तुम्ही आभार माना, कुणीतरी बाकीच्यांना सांगतंय. म्हणजे सुरुवात करायला एक माणूस लागतो आणि ऐकायला 'आल्ले' लागतात, सगळे. माझ्या कुटुंबात सुरुवात आई करायची. ती गेल्यावर त्या टेबलावर पहिली ओळ कोण म्हणणार? बापाला शब्द येत नाहीत, तो रोज डोकं खाली घालून नुसते ओठ हलवायचा. आजी देवावर रुसलीय, ती बोलणार नाही. मधला नऊ वर्षांचा, तो थोरलीकडे बघतोय. हे सापडलं तेव्हा प्रकरण अर्ध्या तासात लिहून झालं, तीन मसुदे महिने खाऊन गेले आणि हा अर्ध्या तासात.

भाषांतराचा प्रश्न राहिला होता. मूळची रचना अशी की पहिल्या चार ओळींत अक्षरं सहा, सात, सहा, सात आणि पुढच्या चार ओळी सहा सहा अक्षरांच्या. मराठी माणसाला सहा अक्षरं दिसली की अभंग आठवणारच, सहा सहा सहा चार, आणि नारायण वामन टिळकांनी अभंगात आणि भजनात ख्रिस्ती भक्ती कशी ओतली हे आपल्यासमोर आहेच. मीही करून पाहिलं. चांगलं जमलं होतं, खरंच, गुणगुणता येत होतं. पण ते वाचलं की सॅक्सनीतलं ते टेबल नाहीसं व्हायचं, वाचकाच्या कानात टाळ वाजायला लागायचे. उपासनेत गायला मी आजही तो अभंग देईन, पण १६३७च्या मुलीच्या तोंडात तो घालता येणार नाही. म्हणून कादंबरीत साधं गद्य ठेवलं, तुटक ओळींत, आणि सगळं गीत कुठेच सलग दिलं नाही. वाचकाला ते तुकड्यातुकड्यांतच मिळतं, जसं त्या घराला मिळालं.

बारीकसारीक दुरुस्त्या बऱ्याच झाल्या त्यातल्या दोनच सांगते. मी सूपमध्ये बटाटे घातले होते, ते काढले, तिथल्या सामान्य घरात बटाटा खूप नंतर, अठराव्या शतकात रुळला, त्याऐवजी राय धान्याचा पाव आणि पातळ पेज. आणि दिनदर्शिका. सॅक्सनीसारखी प्रोटेस्टंट राज्यं १७००पर्यंत जुनी दिनदर्शिका पाळत होती, सम्राटाची बाजू नवी, दोन्हींत दहा दिवसांचा फरक, म्हणजे गावातला माणूस आणि त्याच्या घरात मुक्काम ठोकलेला कॅथलिक सैनिक वेगवेगळ्या तारखेत राहत होते. यावर एक अख्खं पान लिहिता येईल आणि मी ते बाराव्या प्रकरणासाठी राखून ठेवलंय. १६३९ची खंडणीही पुढेच येईल, स्वीडिशांनी तीस हजार थालेर मागितले (थालेर, फ्लोरिन ही तेव्हाची नाणी), रिंकार्टची विनवणी ऐकली नाही, मग तो मंडळीला घेऊन प्रार्थनेला गुडघ्यावर बसला आणि शेवटी मागणी दोन हजार फ्लोरिनवर आली.

एक गोष्ट मात्र मनाविरुद्ध काढली. माझ्या मूळ आराखड्यात शेवटी एक उपसंहार होता, या गीताचं पुढे काय झालं त्याचा. १७५७च्या डिसेंबरमध्ये लॉइथेनची लढाई जिंकल्यावर प्रशियाच्या सैनिकांनी रणांगणावरच ते गायलं आणि ते 'लॉइथेनचं कोराल' झालं. १ ऑगस्ट १९१४ला बर्लिनच्या राजवाड्यासमोर जमलेल्या गर्दीने युद्धाची तयारी जाहीर झाल्यावर हेच गायलं, म्हणजे युद्ध सुरू होतंय म्हणून आभार. आणि १९५५च्या ऑक्टोबरमध्ये सोव्हिएत छावण्यांतून शेवटचे युद्धकैदी जर्मनीतल्या फ्रीडलांडच्या छावणीत परतू लागले तेव्हाही हेच, दहा दहा वर्षं वाट पाहणाऱ्या बायका आणि बापाला न ओळखणारी मुलं समोर उभी. हे तिसरं दृश्य मला फार हवं होतं, कारण तिथे ते गीत परत कुटुंबाकडे येतं. पण उपसंहार ठेवला की वाचक मागे वळून माझ्या टेबलावरच्या प्रार्थनेत विजयाचं कोराल ऐकणार, आणि १९१४ची ती गर्दीही सोबत येणार. ज्या मुलीला उद्याचा पाव माहीत नाही तिच्यावर तीनशे वर्षांचं ओझं मी का टाकू? काढला. फ्रीडलांडवर कधीतरी वेगळं लिहीन, ते वेगळ्या कुटुंबाचं आहे.

चौथा मसुदा घेऊन ताईंकडे गेले तेव्हा त्यांनी चष्मा लावून पूर्ण वाचला, मध्ये एकदा थांबल्या, पाणी प्यायल्या, परत वाचलं. त्यात असं आहे: जुलै महिना, संध्याकाळ, टेबलाशी पाच जण. पेज संपलीय. कुणी उठत नाही आणि कुणी बोलतही नाही, कारण उठायच्या आधी जे म्हणायचं ते सुरू करणारी नाहीय. बाप वाडग्याकडे बघतो. थोरली एकदा आजीकडे बघते, आजी खिडकीकडे. मग थोरलीच म्हणते, आता सगळे, आणि तिचा आवाज आईसारखा निघतो, तिचा तिलाच तो कळतो. मधला लागतो. मग धाकटा, त्याला नेहमीसारखी घाई आहे, तो सगळ्यांच्या पुढे जातो, आणि ती ओळ तो एकटाच म्हणतो.

ताईंनी फक्त एका शब्दावर पेन्सिल फिरवली. मी लिहिलं होतं 'मातेच्या उदरापासून', कारण आपल्या शास्त्राची भाषा तशी आहे आणि मला ती प्रिय आहे.

"सहा वर्षांचा आहे गं तो," त्या म्हणाल्या, "त्याला उदर काय माहीत."

आता तिथे 'आईच्या पोटात असल्यापासून' आहे. त्यानंतर प्रकरणात दोनच वाक्यं आहेत. थोरली वाडगे गोळा करते, पाच. बाप दाराला अडसर लावायला उठतो.